तेरा पायऱ्या

कार्डिफच्या गोदीमागे आमचं घर, त्याला तेरा पायऱ्या.
चढताना मी आईच्या वेल्शमध्ये मोजायची: ईन, दाय, त्री.
उतरताना आब्बेंच्या सोमालीत: कोव, लब्बा, सद्देह.
मधेच कुणी हाक मारली की आकडा हरवायचा,
मग पुन्हा खाली जाऊन
पहिल्यापासून.

आब्बे जहाजाच्या भट्टीत कोळसा टाकायचे.
कोळसा आईच्या रोंडा खोऱ्यातला,
कदाचित तिच्या बापानेच खणलेला.
संध्याकाळी दोघेही सारखेच काळे दिसत असणार.
मग आजोबा टबात बसून साबणाने गोरे होत,
आब्बे कितीही घासलं तरी आब्बेच राहत.
आजोबा आमच्या घरी कधी आले नाहीत.
भट्टीची काही तक्रार नव्हती.

रविवारी सकाळी केस.
आई ओढायची, मी किंचाळायची,
कंगव्याचे दात तुटून मोरीत पडायचे.
आठव्या वर्षी एकदा तिने कात्रीच घेतली.
मग शेजारची हिबो मला रोज गुडघ्यांत धरून बसवू लागली,
तेल, बोटं, चार पेडांच्या घट्ट वेण्या.
आई दारात उभी राहून बघायची.
शिकली नाही.
लाज वाटत असेल, किंवा हिबोचा राग येत असेल,
मी कधी विचारलं नाही.

शाळेत मिस प्रॉसर म्हणाल्या,
नेरिस, तू म्हणजे दोन जगांमधला पूल.
मी आमच्या गोदीवरचा पूल आठवून पाहिला.
सगळे त्याच्यावरून जातात,
कुणी तिथे राहायला येत नाही.

आब्बे गेले तेव्हा
मशिदीबाहेर एका म्हाताऱ्याने मला काहीतरी विचारलं,
डोळे पुसत, फार मायेने.
मला त्याच्या भाषेतले तेराच शब्द येत होते,
आणि तेराही आकडे.

आणि मावशीच्या अंत्यविधीला, खोऱ्यातल्या चॅपलमध्ये,
एक बाई मला सावकाश, एकेक शब्द सुटा करून
इंग्रजीत म्हणाली:
हे बाक घरच्यांसाठी आहे.
मी वेल्शमध्ये म्हटलं, माहीत आहे, थोडं सरका.
ती सरकली.
जरा जास्तच सरकली.

आता आई नव्वदची आहे, वृद्धाश्रमात.
तिच्यातून आधी इंग्रजी गळालं, मग आब्बे, मग मी.
मंगळवारी मला म्हणाली,
तू नवीन नर्स ना? वेल्श छान बोलतेस गं. कुठे शिकलीस?
आईकडे.
कुठली ती?
रोंडाची.
अगं बाई, म्हणजे आपल्यातलीच तू!

चोपन्न वर्षं.
चोपन्न वर्षं मी हे कुणीतरी म्हणावं म्हणून
दारोदार आडनाव सांगत हिंडले होते.

मग ती माझ्या डोक्याकडे बघत राहिली.
माझ्या मुलीचे केस असेच होते, म्हणाली.
मला कधी जमले नाहीत.

पुढच्या मंगळवारी मी मोठ्या दातांचा कंगवा नेला,
खोबरेल नेलं,
आणि तिच्या खुर्चीपाशी जमिनीवर बसले.
माझे अर्धे केस पिकलेत. तिने ते पाहिलं नसावं.
थरथरत्या हाताने ती एकेक बट सोडवू लागली,
मोजत: ईन, दाय, त्री,
पेदवार, पिम्प, ख्वेख, सैथ...
तिथे अडकली.
कंगवा हवेत.

मला काय सुचलं कोण जाणे, मी म्हटलं,
सिद्देद.

आणि ती, जिला नवऱ्याचं नावही आठवत नाही,
जराही न थांबता म्हणाली,
सगाल.
तोबन.
आणि कंगवा पुढे निघाला.

बाहेर जेवणाची ट्रॉली वाजली.
मासा होता त्या दिवशी.
उठू नकोस, आई म्हणाली,
मागची बाजू राहिली आहे.